पोराला मित्राच्या वर्ल्डमध्ये जाऊ द्या (आधी यजमान कोण ते विचारा)



पोस्ट मोठी आहे. चहा घेऊन बसा, नाहीतर सेव्ह करून ठेवा आणि सुट्टीच्या दिवशी वाचा.

२०२५ च्या जूनच्या सुरुवातीला आमच्या मुलाचा जिवलग मित्र बहरीन सोडून नाशिकला गेला. आखातात राहणाऱ्यांना पुढचं वेगळं सांगायला नको. बाबांचं कॉन्ट्रॅक्ट रिन्यू झालं नाही, तिकडची शाळा जूनच्या मध्याला सुरू होते, म्हणून सगळं घाईत. पंधरा दिवसांत सोफा, वॉशिंग मशीन, मुलांच्या सायकली सगळं ग्रुपवर विकायला आलं, कार्गोचे खोके बांधले गेले, आणि एका रात्री आम्ही त्यांना मुहर्रकला एअरपोर्टवर सोडून आलो. दोन्ही पोरं चार वर्षं एकाच बिल्डिंगमध्ये होती, रिफ्यात. एक दुसऱ्या मजल्यावर, एक चौथ्या. दिवसातून दहा वेळा अनवाणी जिन्याने ये-जा.

येताना गाडीत मुलगा गप्प होता. घरी आल्यावर चपला काढता काढता एकच प्रश्न. "आई, मी आता ऑनलाईन त्याच्या वर्ल्डमध्ये जॉईन होऊ का?"

मी म्हटलं, "नाही. ऑनलाईन नाही म्हणजे नाही. आपलं ठरलंय ना?"

ठरलं होतं खरं. पण ते मी ठरवलं होतं, आणि कशाबद्दल ठरवतेय हे नीट माहीत नसताना. सप्टेंबरपर्यंत मी त्या नाहीवर अडून राहिले. ते चुकलं असं मला आज वाटतं. तुमच्याही घरात हा प्रश्न आला असेल किंवा येईल, म्हणून लिहितेय.

खेळ म्हणजे माइनक्राफ्ट. ज्यांच्या घरी अजून शिरला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: स्टॉकहोमच्या मोजांग कंपनीचा खेळ, २०११ साली पूर्ण स्वरूपात आला, २०१४ मध्ये मायक्रोसॉफ्टने अडीच अब्ज डॉलरला कंपनी विकत घेतली, आणि २०२३ पर्यंत ३० कोटी प्रती विकल्या गेल्या. सगळं जग ठोकळ्यांचं. माती, दगड, लाकूड, पाणी. खणायचं आणि रचायचं. जिंकणं-हरणं असं फारसं नाही. आपण लहानपणी वाळूच्या ढिगाऱ्यावर जे करायचो तेच, फक्त संध्याकाळी आई हाक मारते तेव्हा गुडघे मळलेले नसतात.

मित्र इथे होता तोवर दोघं आमच्याच सोफ्यावर बसून, एका वायफायवर, आपापला टॅब घेऊन खेळायचे. त्याला माझी काहीच हरकत नव्हती. समोर बसलेला दिसत होता ना! तोच मुलगा, तोच खेळ, तेच वर्ल्ड, फक्त तो आता नाशिकला आहे म्हटल्यावर मला एकदम धोका दिसायला लागला. त्यात ऑगस्टमध्ये बातमी आली की कतार आणि कुवेतने रोब्लॉक्स बंद केला, मुलांच्या सुरक्षिततेच्या कारणाने. झालं. आमच्या लेडीज ग्रुपवर दोन दिवस दुसरा विषय नव्हता. मी मुलाला बातमी दाखवून म्हटलं, "बघ, म्हणून मी नाही म्हणते." तो म्हणाला, "आई, हा तो गेमच नाही." मी म्हटलं, सगळे सारखेच.

सगळे सारखे नसतात, मंडळी. एवढं तरी आपण शिकून घ्यायला हवं.

एक असतं सार्वजनिक सर्व्हर. म्हणजे एसटी स्टँड. कोणीही येतं, कोणीही बोलतं, कोण किती वर्षांचा हे कळायला मार्ग नाही. तिथे दहा वर्षांच्या मुलाला एकटं सोडायचं नाही, हे माझं मत कालही होतं आणि आजही आहे. दुसरं असतं मित्राचं स्वतःचं वर्ल्ड. ते त्याच्या टॅबवर असतं, तो स्वतः आत असेल तेव्हाच उघडं असतं, आणि सेटिंग तसं ठेवलं असेल तर त्याने ज्यांना मित्र म्हणून जोडलंय त्यांनाच दिसतं. म्हणजे मित्राचं घर. मित्राच्या घरी पाठवताना आपण काय विचारतो? घरात मोठं कोण आहे, आणखी कोण कोण येणार आहे, किती वाजता परत. इथेही तेच तीन प्रश्न. मी मात्र मित्राच्या घराला एसटी स्टँड समजून दार लावून बसले होते.

आता तुम्ही म्हणाल, एवढं काय त्यात, मुलं विसरतात, नवे मित्र करतात. मीही हेच म्हणायचे. आपण सगळेच म्हणतो, कौतुकाने म्हणतो, "आमचा पटकन ॲडजस्ट होतो हो." सप्टेंबरमध्ये शाळा उघडली तेव्हा दुसऱ्या मजल्यावरच्या त्या रिकाम्या फ्लॅटमध्ये नवीन कुटुंब आलं. सोलापूरचे. मुलगा आमच्या मुलाच्याच वयाचा. मी उत्साहाने म्हटलं, "जा की खाली, ओळख करून घे."

तो वहीतून मान वर न करता म्हणाला, "कशाला? तो पण जाईल."

त्या रात्री मला झोप आली नाही. इथे आपण कोणीच कायमचे नाही, आपली सीपीआर कार्डं संपायच्या तारखेसकट येतात, हे आपल्याला माहीत आहे आणि आपण ते स्वीकारलंय. पगारासाठी, घराच्या हप्त्यासाठी, जे काय असेल त्यासाठी. पण आपण स्वीकारलेला हिशोब दहा वर्षांचं मूल मैत्रीला लावायला लागलं, तर त्याला ॲडजस्ट होणं म्हणत नाहीत. आणि माझ्या हातात एक गोष्ट होती, ती मी तीन महिने अडवून धरली होती.

दुसऱ्या दिवशी मी नाशिकला फोन लावला. त्याची आई म्हणाली, "अगं, मी तुला विचारणारच होते, पण तू ऑनलाईनच्या विरोधात आहेस म्हणून गप्प बसले. हा रोज संध्याकाळी ते वर्ल्ड उघडून बसतो. कोणी येत नाही. एकटाच काहीतरी बांधतो आणि बंद करतो."

असो. आता कामाचं सांगते, कारण हे मला कोणी सांगितलं नव्हतं आणि दोन संध्याकाळी त्यात गेल्या.

आधी बघा की दोघांकडे एकाच जातीचं माइनक्राफ्ट आहे का. फोन, टॅब, एक्सबॉक्स, स्विच, प्लेस्टेशन यांच्यावर बेडरॉक असतं आणि ते एकमेकांशी खेळू शकतात. कॉम्प्युटरवर जावा नावाचं दुसरं असतं, त्याचं बेडरॉकशी सरळ जुळत नाही. (विंडोजवर हल्ली दोन्ही एकत्रच विकतात, तेव्हा मूल कुठलं उघडतंय ते बघा.) मग दोघांचं मायक्रोसॉफ्ट अकाउंट लागतं, ते फुकट आहे. मुलाचं अकाउंट काढताना जन्मतारीख खरी घाला. पुष्कळ जण कटकट नको म्हणून मोठं वय टाकतात, आणि मग पालकांच्या हातातलं सगळं नियंत्रण जातं. खरी तारीख घातली की ते मुलाचं अकाउंट ठरतं, तुमच्या फॅमिली ग्रुपमध्ये येतं, आणि मल्टिप्लेअरमध्ये जाऊ द्यायचं का, मित्र जोडू द्यायचे का, कोणाशी बोलू द्यायचं हे तुम्ही ठरवता. आमचं गाडं इथेच अडलं होतं. मीच कधीतरी सगळ्यावर "नाही" करून ठेवलेलं, आणि नंतर विसरलेही. मुलगा बिचारा जॉईन दाबतोय, काही होत नाहीये, आणि मी त्याला म्हणतेय, "नेट बघ रे."

ते झालं की एकमेकांचं गेमरटॅग म्हणजे तिथलं नाव शोधून मित्र म्हणून जोडायचं. ते नाव फोनवर आईबाबांकडूनच घ्या, कुठून तरी आलेली रिक्वेस्ट स्वीकारू नका. यजमानाने वर्ल्डच्या सेटिंगमध्ये मल्टिप्लेअर सुरू ठेवलेलं असलं, आणि तो आत असला, की आपल्याकडे मित्रांच्या यादीत ते वर्ल्ड दिसतं. जॉईन. दोघांचं व्हर्जन एकच हवं, एकाने अपडेट केलं आणि दुसऱ्याने नाही तर दार उघडत नाही. स्विच किंवा प्लेस्टेशनवर ऑनलाईन खेळायला त्यांचं वेगळं सबस्क्रिप्शन लागतं, फोन-टॅबला लागत नाही.

बोलणं कसं? खेळात टाइप करता येतं, पण पोरांना बोलायचं असतं. आम्ही माझ्या फोनवरून व्हॉट्सॲप कॉल लावतो आणि फोन हॉलमध्ये स्पीकरवर ठेवतो. बहरीनमध्ये हा कॉल लागतो हे आपलं नशीब, दुबईच्या मंडळींना दुसरी सोय बघावी लागेल. स्पीकरवर ठेवण्याचा फायदा असा की लक्ष ठेवतोय असं न वाटता सगळं कानावर पडतं.

वेळेचं त्रांगडं मात्र मोठं आहे. इथे सुट्टी शुक्रवार-शनिवार, तिकडे रविवार. आमचा शुक्रवारी मोकळा, तेव्हा तो शाळेत. तो रविवारी मोकळा, तेव्हा आमचा शाळेत. त्यात अडीच तासांचा फरक. शेवटी शनिवारी आमचे दुपारी चार, नाशिकचे साडेसहा, ही वेळ पक्की झाली. दीड तास. उन्हाळ्यात दुपारी बारा ते चार उघड्यावर काम करायला इथे सरकारचीच बंदी असते, तेव्हा "त्यापेक्षा बाहेर खेळ" हे वाक्य मी त्या महिन्यांपुरतं तरी बंद केलंय. ऑक्टोबर ते मार्च मात्र बोलते.

पहिल्या शनिवारी मला वाटलं होतं, तीन महिन्यांनी भेटतायत, किती बोलतील! "काय करतोस?" नाही, "शाळा कशी?" नाही. पहिलं वाक्य: "अरे, माझी कुदळ कुठे ठेवलीस?" आणि तिथून पुढे जणू मध्ये काही झालंच नव्हतं. नातेवाइकांच्या व्हिडिओ कॉलवर हीच पोरं "हॅलो, बरं आहे" म्हणून पळतात ते का, हे मला तेव्हा कळलं. मुलांना भेटून बोलायला येत नाही. हाताला काम असलं की तोंड सुटतं. तुम्ही आठवा ना, आपण मैत्रिणीशी काय समोर बसून बोलायचो? भातुकली, सागरगोटे, नाहीतर नुसतं चिंचा पाडणं.

दिवाळी जवळ आली तशी किल्ल्याची टूम निघाली. दोन वर्षं दोघांनी आमच्या बाल्कनीत किल्ला केला होता. इथे माती कुठली, नर्सरीतून कुंड्यांची माती पिशवीने आणायची, वर मोहरी पेरायची आणि वॉचमन ओरडेल म्हणून पाणी जपून घालायचं. या वर्षी म्हणाले, सिंधुदुर्ग करू. त्या जुलैमध्येच युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत मराठ्यांचे बारा किल्ले आले होते, त्यात सिंधुदुर्ग आहे, आणि नाशिकच्या शाळेत त्यावर तक्ता केला होता. समुद्रातला किल्ला म्हणजे डोंगर रचायला नको, असा दोघांचा व्यवहारी विचार.

मग हिशोब सुरू झाला. खेळात एक ठोकळा म्हणजे एक मीटर. तट साधारण तीन किलोमीटरचा, म्हणजे नुसत्या एका थराला ३,००० ठोकळे. उंची नऊ-दहा मीटर धरली तर एकेरी भिंतीलाच जवळजवळ ३०,०००. दोघं हादरले. आमच्या बाबांना मालवण पाठ आहे, त्यांना फोन लावला. "आजोबा, दरवाजा कुठल्या बाजूला?" आजोबा खूश! महादरवाजा बाहेरून चटकन दिसत नाही, बुरुजांच्या आड वळणात लपवलाय, शत्रूला सापडू नये म्हणून, १६६४ साली पाया घातला तेव्हापासूनची ही युक्ती, असं अर्धा तास चाललं. शेवटी किल्ला पाचपट लहान केला, पण दरवाजा लपवलाच. इतका लपवला की पुढच्या शनिवारी त्यांनाच सापडेना.

डिसेंबरमध्ये त्याला कलात अल-बहरीनला नेलं. याआधी दोनदा नेलं होतं, दोन्ही वेळा "कंटाळा आला" झालं होतं. या वेळी तटाच्या कडेने पावलं मोजत चालत होता आणि कोपऱ्यावरच्या बुरुजाचा फोटो काढून लगेच नाशिकला पाठवला. इथले लोक त्याला पोर्तुगीज किल्लाच म्हणतात, हे ऐकून विचारलं, "म्हणजे वसईवालेच का?" हो रे बाबा, तेच.

मराठीचं म्हणाल तर, हॉलमधून ऐकू येणारी भाषा काही शुद्ध नाही. "तू वॉटर टाक, मी तट कंटिन्यू करतो" अशी आहे. पण बुरूज, तट, चोरदरवाजा हे शब्द त्यांना लागतात म्हणून येतात. आणि आमचा आता अधूनमधून मला "काय भो" म्हणतो, ते नाशिकच्या नव्या शाळेतून इथवर पोचलंय. एकदा मी स्वयंपाकघरातून ओरडून त्याचं लिंग-वचन दुरुस्त केलं, तर पाच मिनिटं दोघं चिडीचूप. तेव्हापासून तोंडाला कुलूप. शनिवारच्या दीड तासाचा मराठीचा क्लास करू नका, प्लीज. ती मित्राच्या घरी गेलेली असतात.

सगळं गोड नाही, तेही सांगते. माझ्या बहिणीचा मुलगा पुण्याचा, त्यालाही बोलावलं. त्याने पहिल्याच दिवशी कोठारात सुरुंग लावला, तीन आठवड्यांचं काम गेलं. इकडे रडारड, तिकडे आरडाओरडा, बहिणीचा मला फोन, "अगं, खेळच आहे ना तो!" माझा हात बंदीवर जाणारच होता. पण यजमान नाशिकचा, निर्णय त्याचा. त्याने वर्ल्डच्या सेटिंगमध्ये स्फोट बंद केले आणि भावाला दोन शनिवार व्हिजिटर करून ठेवलं. व्हिजिटरला बघता येतं, काही तोडता येत नाही. व्हिजिट व्हिसावर ठेवला म्हणा ना! दोन आठवड्यांनी त्याला मेंबर केलं. मोठ्यांनी मध्ये न पडता भांडण मिटलेलं मी फार दिवसांनी पाहिलं. पडले असते तर ते घराण्याचं भांडण झालं असतं.

एक प्रश्न मात्र शिल्लक आहे, आणि त्यावर तुमच्यात मतं दोन होतील. वर्ल्ड त्याच्या टॅबवर आहे. तो बाहेर पडला की सगळे बाहेर. तो आजारी, पाहुणे आले, नाशिकला लाईट गेली, की आमचा शनिवार गेला. यावर उपाय आहे, रेल्म नावाचा. महिन्याचं भाडं भरायचं, वर्ल्ड कंपनीच्या सर्व्हरवर राहतं, मालक नसतानाही उघडं असतं, बोलावलेल्यांना पैसे पडत नाहीत. मी भाडं भरायला तयार होते. त्याच्या बाबांचं नोकरीचं अजून स्थिर नव्हतं, म्हणून गाजावाजा न करता भरणार होते. त्याच्या आईने थांबवलं. म्हणाली, "राहू दे गं. नव्या शाळेत त्याला अजून कोणी डब्याला बोलावत नाही. शनिवारी मात्र सगळे त्याच्याकडे येतात." मला हे सुचलंच नसतं. सोयीचं काय ते आपण मोठे पटकन बघतो. कोणाच्या घरी जमायचं याला मुलांच्या लेखी किती वजन असतं, हे आपण विसरलोय. त्यामुळे रेल्म घ्यायच्या आधी एवढं विचारा, की यजमानपद कोणाकडून काढून घेताय.

टॅब बिघडला तर सगळं जाईल म्हणून वर्ल्डची प्रत फाइल करून मी मागवून ठेवली आहे, फोन-टॅबवरून ती काढता येते. मुलाला सांगितलं, आता लाईट गेली तरी तू ही उघडून खेळू शकतोस, अगदी तोच किल्ला आहे. त्याने एकदा उघडली, बुरुजावरून चक्कर मारली आणि बंद केली. "त्यात तो नाहीये," म्हणाला.

आणि हो, दुसऱ्या मजल्यावरचा सोलापूरचा मुलगा. त्याला जानेवारीत नाशिकवाल्यानेच बोलावलं. "माझ्या खोलीत राहतो ना तो? मग ये म्हणावं." आता दोघं आमच्या सोफ्यावर बसून नाशिकला जातात.

गेल्या शनिवारी चारला लाईट गेलेली होती. पाच वाजले, सव्वापाच झाले. मी म्हटलं, "चला रे, पोहे खाऊन घ्या, आज काही होत नाही." दोघं मांडीवर टॅब ठेवून यादीकडे बघत बसलेले. साडेपाचला एकदम ओरडले, "आली!"

पोहे गार झाले.